व्हेंडर फोन उचलत नाही: काय तपासायचं, कोणत्या क्रमाने, आणि थांबायचं कधी

लग्नसमारंभांच्या समन्वयाचं काम मी बरीच वर्षं करते. मला येणारे अर्धेअधिक फोन एकाच वाक्याने सुरू होतात: "ताई, तो फोनच उचलत नाहीये." हा 'तो' कधी डेकोरेटर असतो, कधी फोटोग्राफर, कधी केटरर, कधी मेकअपवाली. ॲडव्हान्स गेलेला असतो, तारीख जवळ येत असते आणि घरात दोन तट पडलेले असतात. एक तट म्हणतो "येईल हो, एवढं काय", दुसरा म्हणतो "पोलिसांत जाऊ". दोघांनीही अजून काहीच तपासलेलं नसतं.

गप्प होण्यामागे मी आजवर पाच कारणं पाहिली आहेत. कामात बुडालेला, चूक झाली म्हणून तोंड लपवणारा, पैशात अडकलेला, आजारी पडलेला आणि खरोखर पळालेला. पाचही जणांचा फोन सारखाच वाजत राहतो. म्हणून आधी कोणता प्रकार आहे ते ओळखायचं. पळालेल्या माणसाची वाट बघत बसलात तर तारीख हातची जाते. आजारी माणसाला पोलिसांची धमकी दिलीत तर जे काम होणार होतं तेही जातं.

लक्षणं

उत्तरं हळूहळू आखूड होत जातात. आधी तासाभरात, मग दुसऱ्या दिवशी, मग "हो बघतो", मग नुसता अंगठा. एवढंच असेल तर तो बहुधा कामात आहे. हंगामात हे सगळ्यांचंच होतं, माझंही होतं.

पैशाच्या मेसेजला दोन मिनिटांत उत्तर, पण "फुलांचा रंग ठरला का" याला तीन दिवस शांतता. हे बरं लक्षण नाही. दुसरा हप्ता ठरलेल्या तारखेच्या आधी मागितला, मिळाला आणि त्यानंतर माणूस गप्प झाला, हे मी पाहिलेल्यांत सगळ्यांत वाईट.

जागेवर येऊन माप घ्यायची भेट दोनदा पुढे गेली आणि दोन्ही वेळा ऐन वेळेला.

त्याच्या पेजवर रोज नव्या कामाचे फोटो येतायत, तुम्हाला मात्र उत्तर नाही. याने लोक फार चिडतात, पण खरं तर ही चांगली खूण आहे: धंदा चालू आहे, तुम्ही फक्त त्याच्या यादीत खाली गेलात. पेजच दिसेनासं झालं तर मात्र पुढच्या पायऱ्या भराभर चढा.

किती दिवसांची शांतता चिंतेची, हे तारखेवरून ठरतं. कार्यक्रमाला तीन महिन्यांहून जास्त असतील तर मी आठवडाभर काही करत नाही. महिना उरला असेल तर तीन दिवस. शेवटच्या आठवड्यात एक दिवस. शेवटच्या दोन दिवसांत दुपारच्या मेसेजला संध्याकाळपर्यंत उत्तर नाही आलं की मी दुसऱ्या माणसाला फोन लावलेला असतो.

आधी आपल्या घरात बघा

याला पैसा लागत नाही आणि दहातली दोन-तीन प्रकरणं इथेच मिटतात.

पहिलं म्हणजे ईमेलचा स्पॅम फोल्डर उघडा. कोटेशन, करार, डिझाइनच्या फाइली असलेले मेल तिथे जाऊन पडतात, आणि जीमेल स्पॅममधला मेल ३० दिवसांनी आपोआप काढून टाकतं, म्हणजे उशीर केलात तर पुरावाही जातो. तुम्ही पाठवलेला मेल परत आला असेल तर तो नीट वाचा. "पत्ता सापडला नाही" आणि "मेलबॉक्स भरला आहे" या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. गुगलची मोफत १५ जीबी जागा मेल, ड्राइव्ह आणि फोटो मिळून असते. दिवसभर फोटो-व्हिडिओ हाताळणाऱ्या माणसाची ती भरली की त्याला मेल येणंच थांबतं, आणि कित्येकदा त्याला पत्ताही नसतो. इन्स्टाग्रामवरून बोलणं झालं असेल तर तुमचा मेसेज त्याच्या 'रिक्वेस्ट'मध्ये पडून आहे का, हाही प्रश्न आहे. तो तुम्हाला फॉलो करत नसेल तर मेसेज तिथे जातो आणि धांदलीत ती खिडकी कुणी उघडत नाही.

दुसरं, घरातून त्याच्याशी कोण कोण बोलतंय? एका घरात मी मोजलं तर सहा जण निघाले. नवरी, तिची आई, नवऱ्याची बहीण, दोन काका आणि एक उत्साही मावसभाऊ. आईने स्टेज मोठं सांगितलेलं, काकांनी छोटं, मावसभावाने परस्पर दिव्यांची माळ वाढवलेली. डेकोरेटरने शेवटी सगळ्यांनाच उत्तर द्यायचं सोडलं. मला म्हणाला, "ताई, कुणाचं ऐकू?" एकाच माणसाने बोलायचं असं ठरवून तसं त्याला कळवलं, अर्ध्या तासात उत्तर आलं.

तिसरं, तुम्ही ज्याच्याशी बोलत होता तो मालक आहे की नोकरीवरचा माणूस? मोठ्या व्हेंडरकडे बुकिंग घेणारी मुलंमुली वर्ष-दीड वर्षात बदलतात. त्यांच्या खासगी नंबरवर तुमचा सगळा पत्रव्यवहार असतो आणि त्या आता दुसरीकडे काम करत असतात.

व्हॉट्सॲपच्या टिका वाचायला शिका

व्हॉट्सॲपवर एक करडी टिक म्हणजे मेसेज तुमच्याकडून निघाला, त्याच्या फोनवर पोचला नाही. दोन करड्या म्हणजे पोचला. दोन निळ्या म्हणजे वाचला. एकच टिक चार-चार दिवस राहिली तर फोन बंद आहे, नंबर बदललाय किंवा तुम्हाला ब्लॉक केलंय. ब्लॉक असेल तर सहसा 'लास्ट सीन' दिसत नाही आणि प्रोफाइल फोटोही. पण या गोष्टी सेटिंगमधूनही लपवता येतात, म्हणून एवढ्यावरून निष्कर्ष काढू नका. दुसऱ्याच्या फोनवरून साधा कॉल लावून बघा.

निळ्या टिका बंद करून ठेवणारे पुष्कळ आहेत. तिथे एक जुनी युक्ती चालते: दहा सेकंदांचा व्हॉइस मेसेज पाठवा. तो ऐकला गेला की माइकची खूण निळी होते, आणि ही खूण सेटिंगमधून बंद करता येत नाही. ग्रुपमधल्या मेसेजचंही तसंच, मेसेजच्या माहितीत कोणी वाचला ते दिसतं.

एवढ्या बारकाईने का बघायचं? न पोचलेला मेसेज आणि वाचून सोडून दिलेला मेसेज यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. पहिल्यात दुसरी वाट शोधायची असते, दुसऱ्यात तुमच्या बोलण्याची पद्धत बदलायची असते.

आणखी एक, आत्ताच करायचं. त्या चॅटमध्ये 'गायब होणारे मेसेज' चालू आहेत का बघा. ते २४ तास, ७ दिवस किंवा ९० दिवस यांवर लावता येतात आणि समोरचाही ते लावू शकतो. चालू असतील तर बंद करा आणि सगळं चॅट मीडियासकट एक्सपोर्ट करून स्वतःला मेल करा. भांडण होवो न होवो, हा कागद लागतोच.

वेळ आणि पहिला मेसेज

समारंभाची कामं करणारा माणूस कार्यक्रमाच्या रात्री पहाटेपर्यंत जागेवर असतो. सामान उतरवणं, गाड्या भरणं, हिशोब. दुसऱ्या दिवशी दुपारी बारापर्यंत तो झोपलेला असतो. आपण नेमके सकाळी दहाला, ऑफिसला पोचल्यावर फोन करतो. त्याच्या पेजवरून कालचा कार्यक्रम होता का ते बघा आणि मधल्या रिकाम्या दिवशी, दुपारी तीन-चारच्या सुमारास करा.

मेसेज आखूड ठेवा. अकरा प्रश्नांचा मेसेज तो "निवांत वाचू" म्हणून बाजूला ठेवतो आणि निवांतपणा काही येत नाही. मी असा पाठवते:

"नमस्कार दादा, बरेच दिवस बोलणं झालं नाही, तब्येत बरी आहे ना? एकच विचारायचं होतं. स्टेजची रुंदी मागे ठरली तीच ठेवायची ना? नुसतं हो किंवा नाही कळवलंत तरी चालेल."

तब्येतीची चौकशी ही गोडी लावण्यासाठी नाही. एकदा तिसऱ्या दिवशी अशाच मेसेजला फोटोग्राफरच्या बायकोने उत्तर दिलं, ते आयसीयूमध्ये होते. त्याआधी त्या फोनवर नवऱ्या मुलाच्या मित्रांनी काय काय लिहून ठेवलं होतं, ते तिने सगळं वाचलं होतं. तरीही तिने दुसऱ्या फोटोग्राफरचा नंबर दिला आणि ॲडव्हान्स त्याच्याकडे वळवला. सगळेच असे नसतात.

लाजेने गप्प असलेल्या माणसालाही एका शब्दात उत्तर देता येईल असा प्रश्न सोपा जातो. मोठ्या प्रश्नाला त्याला आधी माफी मागावी लागते, छोट्याला नाही.

त्याच्या अवतीभवती विचारा

इथून थोडी धावपळ सुरू होते, खर्च अजून नाही.

सगळ्यांत उपयोगी फोन हॉलच्या मॅनेजरला. त्यांना विचारा: "आमच्या तारखेसाठी अमुक यांनी गाडी किती वाजता आणणार, वीज किती लागेल, सामान कुठे उतरवायचं, यातलं काही विचारलं आहे का?" ज्याला काम करायचं आहे त्याला हॉलशी बोलावंच लागतं. तुमच्याशी तो बोलत नसला आणि हॉलशी बोलला असला, तर मी शांत झोपते. तारीख दोन आठवड्यांवर आली आणि हॉलमध्ये त्याचं नावही कुणी ऐकलेलं नाही, तर मी त्याच संध्याकाळी पर्याय शोधायला घेते. शिवाय हॉल मॅनेजर म्हणजे या धंद्याची चावडी. कुणाची गाडी बँकेने ओढून नेली, कुणाचे कामगार सोडून गेले, हे त्यांना आधी कळतं.

मग त्याची माणसं. डेकोरेटर स्वतः सगळं करत नाही. फुलं एकाची, लाइट दुसऱ्याचे, लोखंडी सांगाडा भाड्याचा. त्याच्या जुन्या कामांच्या फोटोंखाली या लोकांची नावं असतात. त्यांना भांडणाचं काही न बोलता "अमक्या तारखेचं काम तुमच्याकडे लागलंय का?" एवढंच विचारा. फोटोग्राफरच्या बाबतीत हाच प्रश्न त्याच्या सहायकाला.

आणि पत्ता असेल तर जाऊन या. दोघांनी जायचं, दिवसा, आवाज न चढवता. शटर बंद असेल तर शेजारच्या दुकानात विचारायचं: कधीपासून बंद आहे? "काल होते" आणि "दोन महिने झाले" यावर पुढचं सगळं अवलंबून असतं.

इथे या धंद्याचं एक गुपित सांगते, कारण त्याशिवाय तिसरा प्रकार, पैशात अडकलेला, समजत नाही. बरेच लहान व्हेंडर तुमच्या ॲडव्हान्समधून आधीच्या माणसाचं काम करतात आणि तुमचं काम पुढच्याच्या ॲडव्हान्समधून. बुकिंग येत राहतात तोवर चाक फिरतं. दोन महिने बुकिंग कमी झालं की ते जागच्या जागी थांबतं. २०२० मध्ये करोनामुळे लग्नं पुढे गेली तेव्हा हेच झालं. लोक ॲडव्हान्स परत मागत होते आणि तो कधीच खर्च झाला होता. असा माणूस लबाड असतोच असं नाही, पण त्याच्याकडे पैसे नसतात हे खरं असतं. त्याची खूण म्हणजे तो हप्ता आधी मागतो. उपाय म्हणजे त्याच्या हातात आणखी पैसे द्यायचे नाहीत. तो काम करायला तयार असेल तर फुलवाल्याचं, लाइटवाल्याचं बिल तुम्ही थेट त्यांना द्या आणि त्याच्या रकमेतून वळतं करा. हे लेखी ठरवून मी काही कार्यक्रम सुखरूप पार पाडले आहेत.

करार काढून वाचा

करार नसेल तर कोटेशन, पावती, चॅट, बँकेचा उतारा. सगळं मिळून तोच करार. त्यात तीन गोष्टी शोधा. पैसे कुणाच्या नावावर गेले: दुकानाच्या, की कुणाच्या खासगी खात्यात? तो स्वतः येऊ शकला नाही तर बदली माणूस देईल असं लिहिलंय का? आणि तुम्ही रद्द केलंत तर काय?

या तिसऱ्या कलमात घरोघरी माती खाल्लेली मी पाहिली आहे. रागाच्या भरात लोक लिहून टाकतात, "आमचं बुकिंग रद्द समजा, पैसे परत करा." संपलं. आता कागदोपत्री रद्द तुम्ही केलंत, आणि बहुतेक करारांत ग्राहकाने रद्द केलं तर ॲडव्हान्स जप्त असतो. पंधरा दिवस गप्प बसलेला व्हेंडर या मेसेजला मात्र दहा मिनिटांत उत्तर देतो: "ठीक आहे, आपल्या अटींप्रमाणे ॲडव्हान्स परत मिळणार नाही." म्हणून 'रद्द' हा शब्द तुमच्या बोटांतून उमटू देऊ नका.

त्याऐवजी मुदत घाला. मेल, व्हॉट्सॲप आणि पोच मिळणारं टपाल, तिन्हीकडे एकच मजकूर. करारात सूचना कशी पाठवायची ते लिहिलं असेल तर ती वाट आधी:

"अमुक तारखेच्या कार्यक्रमासाठी आपलं लेखी ठरलेलं आहे आणि त्यापोटी अमुक रक्कम तुम्हाला पोचली आहे. गेल्या इतक्या दिवसांत पाच वेळा संपर्क करूनही उत्तर मिळालेलं नाही. ठरलेलं काम तुम्ही करणार आहात की नाही, हे अमुक तारखेला संध्याकाळी सहापर्यंत लेखी कळवावं. तोपर्यंत उत्तर न आल्यास तुम्ही काम करणार नाही असं धरून आम्हाला दुसरी सोय करावी लागेल आणि दिलेली रक्कम परत मागावी लागेल."

शिव्या नाहीत, धमकी नाही, "तुमची बदनामी करू" नाही. हाच कागद पुढे बँक आणि वकील बघणार आहेत, त्यांच्यासाठी लिहिलाय असं समजून लिहा. यावर त्याचा गोड फोन आला, "अहो काळजी कशाला करता, मी आहे ना", तर बोलून झाल्यावर लगेच मेसेज टाका: "आत्ताच्या बोलण्याप्रमाणे तुम्ही शुक्रवारी चार वाजता जागेवर माप घ्यायला येत आहात." तोंडी आश्वासनं म्हणजे वाटाण्याच्या अक्षता. शुक्रवारी चारला आला तर गाडी रुळावर आली. नाही आला तर आणखी संधी देऊ नका, मी देत नाही.

पर्याय कधी पक्का करायचा

इथे माझं घरच्यांशी दर वेळी वाजतं. ते म्हणतात, "आधी याच्याकडून पैसे सोडवू, मग दुसरा बघू." मी म्हणते उलटं. पैसे वर्षभराने मिळाले तरी चालतात, तारीख पुन्हा येत नाही. काम एका वहीत, पैसे दुसऱ्या वहीत.

उलटं मोजा. नव्या माणसाला हे काम उभं करायला किमान किती दिवस लागतील? त्यात दोन दिवस मिळवा. तेवढे दिवस कार्यक्रमाआधी उरले की वाट बघणं बंद. शिवून घ्यायचे कपडे असतील तर हा आकडा आठवड्यांत जातो, डीजेसाठी दोन दिवसही पुरतात. पाहुणे जास्त असतील तर केटररला निदान आठवडा द्या. मेकअपवाली आदल्या दिवशीही मिळते, पण चाचणी होत नाही, हे मुलीला आधीच सांगून ठेवा.

पर्याय शोधायला आधी हॉल मॅनेजरला आणि तुमच्या इतर व्हेंडरना विचारा. फोटोग्राफरला चांगला व्हिडिओवाला माहीत असतो, डेकोरेटरला लाइटवाला. आणि या वेळी पैसे टप्प्यांनी: थोडे बुकिंगला, थोडे जागेवर सामान उतरल्यावर, उरलेले काम झाल्यावर. नव्या माणसाला जुनी कथा सांगत बसू नका. गरज दिसली की भाव चढतो.

नवीन माणूस पक्का केल्यावर जुना उगवला तर? होतं असं. अशा वेळी फोनवर काही कबूल करू नका. मुदतीचा मेसेज तुमच्याकडे आहे, त्याचंच लेखी उत्तर मागा.

पैसे

रोख दिले असतील तर पावती हाच आधार. थेट बँक ट्रान्सफर तुम्ही स्वतः केलेला असतो, तो बँक सहसा मागे फिरवत नाही. तरी फसवणुकीचा वास असेल तर त्याच दिवशी बँकेला कळवा, पैसे पुढच्या खात्यातून निघाले नसतील तर काही वेळा अडवता येतात.

कार्डने दिले असतील तर तुम्ही बरेच सुरक्षित आहात, आणि हेच लोकांना माहीत नसतं. कार्ड देणाऱ्या बँकेकडे 'सेवा मिळाली नाही' या कारणाखाली चार्जबॅक, म्हणजे कार्डवरून गेलेली रक्कम बँकेमार्फत परत, मागता येतो. व्हिसा आणि मास्टरकार्डच्या नियमांत त्याला साधारण १२० दिवसांची मुदत असते, आणि आगाऊ बुक केलेल्या सेवेसाठी हे दिवस सेवा मिळायची होती त्या तारखेपासून मोजता येतात. पण जास्तीत जास्त मर्यादा व्यवहारापासून ५४० दिवस. म्हणजे दीड वर्ष आधी भरलेला ॲडव्हान्स त्या काठावर असतो, अशांनी थांबू नये. बँका स्वतःची मुदत याहून कमी ठेवू शकतात, म्हणून आजच विचारा. बँक विचारेल, "तुम्ही व्हेंडरशी संपर्क केला होता का?" तेव्हा तो मुदतीचा मेसेज कामी येतो. तुम्ही 'रद्द' लिहिलं असतं तर तोच तुमच्यावर उलटला असता.

पेपालवर पैसे दिल्यापासून १८० दिवसांत तक्रार उघडता येते. ती उघडल्यावर २० दिवसांत पुढच्या पायरीवर, म्हणजे दाव्यावर न्यावी लागते, नाहीतर आपोआप बंद होते. "चार्जेस वाचतील" म्हणून मित्र-नातेवाइकांना पाठवायच्या पर्यायाने पैसे मागणारा व्हेंडर तुमचं हे संरक्षणच काढून घेत असतो.

लग्नाचा विमा असेल तर पॉलिसी वाचा. व्हेंडरने हात वर केले तर भरपाई, हे काहींत असतं, काहींत नसतं.

इथे थांबा, जाणकाराला बोलवा

मुदत संपली, पर्याय लागला आणि रक्कम सोडून देण्याएवढी लहान नाही, तर वकिलाची नोटीस. पुष्कळदा नोटीस पोचल्यावरच माणूस बोलायला येतो. लहान रकमेसाठी ग्राहक न्यायालय किंवा तुम्ही राहता तिथे त्याला जे काही म्हणतात ते बघा, वकिलाविनाही जाता येईल का हे विचारून घ्या. दावा दाखल करायला कायद्याने मुदत असते, म्हणून भिजत घोंगडं ठेवू नका. वकिलाकडे जाताना रडगाणं नको, एका पानावर तारीखवार यादी न्या: कधी ठरलं, कधी किती दिले, कधी शेवटचं उत्तर आलं.

पोलिसांत कधी? एकट्याचं काम अर्धवट राहिलं तर पोलीस बहुधा "ही दिवाणी बाब आहे" म्हणतात, आणि त्यात तथ्य असतं. पण त्याच तारखेला चार घरांकडून ॲडव्हान्स घेतलाय, पत्ता खोटा आहे, नंबर सगळ्यांसाठी एकाच दिवशी बंद झालाय, तर मुळातच फसवायचं होतं असं दिसतं. त्याच्या पेजवरच्या तक्रारींखाली बाकीची घरं सापडतात. चौघांनी मिळून जा.

दुकान दिवाळखोरीत गेल्याचं कळलं तर मालकाच्या मागे धावण्यात अर्थ नाही. नेमलेल्या अधिकाऱ्याकडे मुदतीत तुमचा दावा नोंदवायचा आणि कमी मिळेल हे धरून चालायचं.

आणि तोवर इंटरनेटवर त्याच्या नावाने ओरड करू नका. लिहायचंच तर तारखा, रक्कम आणि काय घडलं एवढंच. 'चोर' लिहिलंत की नोटीस तुमच्याकडे येते. शिवाय तुमच्या हातातला दाबही जातो, एकदा बदनामी झाल्यावर त्याला तुमची गरज काय?

काम झाल्यावर गप्प झालेला

हा वेगळा रोग आहे आणि बहुतेक वेळा फोटोंचा. दोन कॅमेऱ्यांवर चार हजार फोटो, एकेक कच्ची फाइल ३० एमबीची धरली तरी १२० जीबी होतात. ते निवडायला, रंग सुधारायला आठवडे लागतात, त्यामुळे करारातली मुदत संपेपर्यंत मी काही बोलत नाही. त्यानंतर आधी एक सोपी गोष्ट: त्याने लिंक पाठवून झाली आहे का? फाइली पाठवणाऱ्या मोफत सेवांच्या लिंका काही दिवसांत मरतात. त्याच्या मते काम झालं, तुमच्या मते तो गप्प आहे.

तसं नसेल तर अल्बम, व्हिडिओ, एडिटिंग सगळं बाजूला ठेवा आणि एकच मागा: "जसे आहेत तसे, एडिट न केलेले फोटो डिस्कवर द्या, बाकी नंतर बघू." कारण चार-पाच महिने गप्प बसलेल्या फोटोग्राफरकडे मला बरेचदा एकच गोष्ट सापडली आहे. डेटा गेलेला असतो आणि सांगायची हिंमत नसते.

एका जोडप्याबरोबर मी अशा एकाकडे गेले. त्याने दार उघडलं, आम्हाला बघून पाणी आणलं, मग कपाटातून टॉवेलमध्ये गुंडाळलेली हार्ड डिस्क काढली. जोडून दाखवली. टिक, टिक, टिक आणि मग शांतता. चार महिने तो ती रोज रात्री जोडून बघत होता, कदाचित आज चालेल म्हणून. मी वायर उपटली. असा आवाज येणाऱ्या डिस्कचा आतला वाचणारा भाग बिघडलेला असतो आणि प्रत्येक वेळी वीज दिली की चकतीवर ओरखडे पडायची शक्यता वाढते. कुठलंही सॉफ्टवेअर चालवायचं नाही, उघडायची नाही, फ्रीझरमध्ये ठेवायचे प्रयोग नाहीत. सरळ डेटा रिकव्हरीच्या प्रयोगशाळेत द्यायची.

त्याला मी दोन प्रश्न विचारले, तेच तुम्हीही विचारा. कॅमेरा एकाच वेळी दोन कार्डांवर लिहीत होता का, आणि दुसरं कार्ड कुठे आहे? सहायकाने काढलेले फोटो कुणाकडे आहेत? कार्ड फॉरमॅट झालं तरी आतला डेटा बरेचदा लगेच जात नाही, त्यावर नवं शूट झालं की जातो. म्हणून ते कार्ड त्याच क्षणी वापरातून बाजूला काढायचं.

त्याच्या कॅमेऱ्यात एकाच कार्डाची सोय होती. सहायकाचं कार्ड मात्र बॅगेच्या बाजूच्या खिशात सापडलं, त्यावर नंतर एकच लहानसा कार्यक्रम शूट झाला होता. प्रयोगशाळेने डिस्कमधून थोडे आणि कार्डातून बरेच फोटो काढून दिले. आजीसोबतचे सगळे आले, स्टेजवरचे अर्धेअधिक गेले. प्रयोगशाळेचं बिल फोटोग्राफरने तीन हप्त्यांत भरलं, आणि तिन्ही वेळा पैसे भरल्यावर पावतीचा फोटो न मागता पाठवला.